मांजरामागे गेलेलं कुंपण

३ नोव्हेंबर, सोमवार

बाग कुणाची असते? बाबांनी आज विचारलं!

नळीने पाणी घालत होते. मी ऑफिसला निघालेले, काळा कोट हातावर. "वकीलसाहेब, जरा थांबा." (सनद मिळाल्यापासून मी वकीलसाहेब. त्याआधी ठमी.) म्हटलं, सोपं आहे. मंजूर नकाशात बाग दाखवली की ती सोसायटीतल्या सगळ्यांची. बिल्डरला तिथे वीटसुद्धा ठेवता येत नाही.

"ते झालं. पण ज्याने लावली त्याची काहीच नाही?"

सगळी पुस्तकं डोळ्यांपुढून गेली. एकातही नव्हतं. बसही चुकली.

५ नोव्हेंबर, बुधवार

आपल्या बागेच्या खटल्यात बिल्डरचं उत्तर आलं. वकीलबाई (मी त्यांच्याच हाताखाली; सोसायटीची बाजू त्या मांडतात) म्हणतात, अशिलाच्या वस्तूला 'आपली' म्हणू नये. पण त्या बागेचा माळी माझा बाप! आणि कुंपणामागच्या खोलीत आम्ही राहतो. मी दुसरं काय म्हणू?

तर उत्तर असं — नकाशात बाग रस्त्याकडेच्या भिंतीपर्यंत आहे खरी. पण अठरा वर्षांपूर्वी सोसायटीनेच भिंतीच्या बारा पावलं आत झुडपांचं कुंपण लावलं, म्हणजे आपली हद्द आपणच ठरवली. कुंपण ते भिंत हा पट्टा बिल्डरचा. तिथे तो दुकानं बांधणार.

सोबत मोजणीदाराचा नकाशा. कुंपणाची रेघ सरळ जाते, मध्येच पोटात कळ आल्यासारखी आत वळते, परत सरळ. खाली टीप : 'हद्दीचे जुने नैसर्गिक वळण.'

मला हसू फुटलं. वकीलबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. मी खोकले.

"मंजूर नकाशा आपल्या बाजूने आहे," त्या म्हणाल्या, "पण अठरा वर्षं गप्प का बसलात, हे विचारणारच. कुंपण कुणी आणि कशासाठी लावलं, हे डोळ्यांनी पाहिलेलं माणूस हवंय मला."

६ नोव्हेंबर

खोकला नव्हता. उद्या सांगते बाईंना.

७ नोव्हेंबर

नाही सांगितलं.

८ नोव्हेंबर, शनिवार

इथे तरी लिहून टाकते.

ते कुंपण सोसायटीने लावलेलं नाही. बाबांनी लावलं, एका रविवारी, कुणाला न विचारता. आमची खोली म्हणजे मूळची सिमेंटच्या गोण्या ठेवायची खोली. नळ बाहेर, उघड्यावर. आई तिथे केस धुवायला बसली की फिरायला आलेले लोक बघत जायचे. एकदा कुणीतरी काहीतरी बोललं. पुढच्या रविवारी बाबांनी रोपं आणली, सुतळी आणली आणि सुतळीचं दुसरं टोक माझ्या हातात दिलं. "हलायचं नाही हं, ठमे. रेघ तुझ्या हातात आहे."

मी सहा वर्षांची. थोडा वेळ हलले नाही. मग एक पिवळं मांजर आलं आणि मी सुतळीसकट त्याच्यामागे.

बाबा खाली मान घालून सुतळीबरोबर खड्डे खणत होते. लक्षात आलं तेव्हा सात रोपं लागून गेली होती. मला वाटलं, मार बसणार. ते कमरेवर हात ठेवून वळणाकडे बघत राहिले. म्हणाले, "राहू दे. मांजराचीही सोय झाली."

आणि मोजणीदाराने ते मांजर फूटपट्टी लावून नकाशात काढलंय!

हसू येतं आणि लगेच जातं. कारण हे कोर्टात सांगितलं की पट्टा बागेचा ठरेल. पट्ट्यात आमची खोली. मंजूर नकाशात खोलीच नाही. बाग जिंकली की घर गेलं. सोसायटी दुसरी जागा देईल का, कोण जाणे. पदवीच्या दिवशी काय काय बोलले होते मी — सत्य, न्याय, सामान्य माणूस. सामान्य माणसं आत्ता दारात लसूण सोलतायत.

१० नोव्हेंबर, सोमवार

आईबाबांना सगळं ठाऊक होतं!

संध्याकाळी सांगायचं ठरवून बसले, शब्द जुळवत. तेवढ्यात आईच म्हणाली, "अहो, विचारा तिला. आठ दिवस झाले, नुसतं पाणी घालताय. झाडं कुजतील."

बिल्डरचा माणूस येऊन गेला होता. आईने त्याचं नाव साखरतोंड्या ठेवलंय. 'कुंपण सोसायटीने लावून घेतलं एवढंच म्हणा, खोली कायमची तुमच्या नावावर.' बाबांनी सांगितलं, मुलीला विचारून सांगतो. आणि मला विचारलं काय, तर बाग कुणाची असते!

"मग मला सरळ का नाही सांगितलं, बाबा?"

"तू नाही म्हणाली असतीस."

"मग?"

"मग नाहीच म्हणायचंय. पण तुझ्या डोक्यावरचं छप्पर जातंय, ते तुझ्याच तोंडून कसं घालवू?"

मीही पाच दिवस तेच करत होते. बापाची लेक!

बाबांना भीती वेगळीच. "कोर्टात काय सांगू? बायको नळावर केस धुते म्हणून कुंपण लावलं?"

"सांगा की खुशाल," आई म्हणाली, "केस तरी कुठे राहिलेत आता."

बाबा इतके लाजले की उठून नळी गुंडाळायला गेले. ती आधीच गुंडाळलेली होती.

११ नोव्हेंबर, मंगळवार

वकीलबाईंना सांगितलं, मांजरासकट. त्या म्हणाल्या, "वडिलांचं प्रतिज्ञापत्र घेऊच. पण ते सोसायटीच्या पगारावर आहेत, पढवलेत म्हणतील. वळणाचं मात्र दुसरं कुणी सांगूच शकत नाही. तूच हवीस. आणि साक्षीदार झालीस तर या खटल्यात माझ्याबरोबर उभं राहता येणार नाही. पहिलाच खटला ना तुझा?"

पहिलाच.

"तो खोकला मला तेव्हाच खोटा वाटला होता," म्हणाल्या आणि स्वतःच्या डब्यातलं अर्धं माझ्यापुढे सरकवलं.

१३ नोव्हेंबर

कोट धुऊन दोरीवर वाळत घातलाय. आई म्हणते, बुजगावणं दिसतंय, पाखरं यायची नाहीत.

बाबा आज कुंपण छाटत होते. वळणापाशी पोचले तसे हळू झाले. मी सुतळी धरू का म्हणून विचारलं. "नको बाई," म्हणाले, "तुझ्यावर भरवसा नाही." आणि कातरी माझ्या हातात दिली. ती सात झुडपं मी छाटली.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

आज सकाळी अकरा वाजता दोन्ही प्रतिज्ञापत्रं दाखल झाली. बाबांची सही पानाबाहेर गेली, माझी मध्येच वळली.

नावाखाली पत्ता लिहायचा असतो. शाळेपासून प्रत्येक फॉर्मवर 'कुंपणामागची खोली' लिहीत आले. आज लिहिलं — राहणार : बागेतली खोली.