भिंतीवरून बादलीत

तीर्थस्वरूप वहिनींना,

धाकट्या दिराचा वाकून नमस्कार. तुमचा गुडघा आता जिना चढताना कुरकुरत नसेल आणि नवा चष्मा नाकावर नीट बसला असेल अशी आशा करतो. (तुमचा चष्मा नवा आहे हे मला कसं कळलं, ते पुढे येईलच.) इकडे तुमची जाऊ मजेत आहे. माझ्याकडे बघून अधूनमधून नुसती मान हलवते, पण ते जुनंच दुखणं आहे. मी मात्र मजेत नाही. मला धक्का बसलाय, आणि तो अजून उतरायला तयार नाही. अक्षर असं कोंबडीनं उकरल्यासारखं का आलंय म्हणाल, तर माझ्या उजव्या अंगठ्याला पट्टी आहे आणि पेन मी दोन बोटांच्या चिमटीत धरलंय. मोबाइलवर निरोप पाठवता आला असता, पण तुमचा मोबाइल घरात कुठेही उताणा पडलेला असतो. पाकिटाची गोष्ट वेगळी. दुसऱ्याच्या नावाचं पाकीट दादा फोडत नाही, हा त्याचा गुण मी भर भांडणातही मान्य केला होता.

यातलं बरंचसं तुम्हाला ठाऊक आहे. किती ठाऊक आहे हे कळलं, तोच तर धक्का. पण आता माझ्या बाजूनं ऐका.

आमच्या दोघांचं आईच्या कपाटावरून बिनसलं, हे तुम्हाला माहीत आहे. कसं बिनसलं, ते दादानं सांगितलं नसणार. कपाट माझ्याकडे वर चढवत होतो, मी वरच्या बाजूला, दादा खालच्या. जिन्याच्या वळणावर ते अडकलं. मी म्हटलं उचल, तो म्हणाला टेकव. मी म्हटलं जन्मल्यापासून हुकूमच सोडतोस, तो म्हणाला जन्मल्यापासून तू कशाचंही एक टोक धड धरलेलं नाहीस. मग त्यानं आपलं टोक पायरीवर ठेवलं आणि चालता झाला. त्याचे बूट वर माझ्या दारात राहिले होते, मध्ये कपाट, आणि बूट मागायला तोंड नाही. अनवाणी गेला, वहिनी. (तुम्हाला त्यानं बूट चावत होते म्हणून सांगितलं, असं मागाहून कानावर आलं.) सुतार येऊन कपाटाचे पाय कापेपर्यंत मी घरातच कोंडलेला, आणि शेजारणी कपाटावरून एकमेकींना भाजीच्या पिशव्या देत होत्या. त्यानंतर आम्ही दोघं एकमेकांशी एक शब्द बोललो नाही.

पुढे भोपळा आला. आमचा लहानपणापासूनचा मित्र, ज्यानं क्रिकेटमध्ये कधी एकसुद्धा धाव काढली नाही म्हणून सगळं गाव ज्याला भोपळा म्हणतं तोच. आता तो वायरिंगची कामं करतो. आमच्या दवाखान्यामागच्या खोलीत, जिथं मी बसून लोकांच्या कवळ्या बनवतो, तिथली घासायची मोटर बिघडली म्हणून तो आला होता. मोटर झाल्यावर त्यानं माझा मोबाइल मागून घेतला आणि त्यात एक खेळ घालून दिला. अगदी पोरकट खेळ. स्क्रीनवर एक खोली असते, खोलीत एक बादली. आपण अंगठा सरकवून चेंडू भिरकवायचा. बादली कधी टेबलावर, कधी खिडकीत, कधी फिरत्या पंख्याच्या पलीकडे, आणि खेळाच्या वरच्या पायऱ्यांवर तर ती चक्क चालायला लागते. आपला चेंडू गेला की समोरच्याचा दिसतो. बोलायची सोय नाही, फक्त हसरं नाहीतर रडकं तोंड पाठवता येतं. भोपळ्यानं आम्हा मित्रांचा म्हणून एक गट केला. त्यात मी, तो, आणि तिसरं नाव होतं ‘थोरला’. मी त्याच्याकडे बघितलं, त्यानं मोटरकडे बघितलं. मी समजायचं ते समजलो.

पहिल्या दिवशी थोरल्यानं मला असा धुतला की मी खुर्चीत आडवा झालो. माझे चेंडू पडद्यावर, फुलदाणीत, एकदा तर खिडकीतून बाहेर. थोरल्याचे सगळे बादलीत. आणि कसे? सरळ नाहीच. आधी बाजूच्या भिंतीवर, तिथून हळूच उडी मारून आत. मला वाटलं, हा माणूस आयुष्यभर सरळ चालला, सरळ बोलला, सरळ निघून गेला, आणि याच्या अंगठ्यात एवढा वळसा कुठून आला? पण खालून एक हसरं तोंड आलं आणि माझं काळीज हललं. कपाटानंतर दादाकडून आलेलं ते पहिलं तोंड होतं.

मग मी पेटलो. साच्यातलं प्लास्टर घट्ट होईपर्यंत तसाही हात मोकळा असतो, त्या वेळात सराव सुरू केला. आधी कळलं की अंगठ्याला प्लास्टरची भुकटी असली तर स्क्रीनला तो अंगठा वाटतच नाही. मग कळलं की झटका द्यायचा नाही, चेंडू ढकलायचा. मोबाइल हातात न धरता टेबलावर ठेवायचा. नजर चेंडूवर नाही, बादलीच्या काठावर. पंखा असेल तर पातं समोरून गेल्यावर मनात ‘हं’ म्हणायचं आणि मग सोडायचं. (हे ‘हं’ मनातच राहिलं असतं तर बरं होतं. आमच्या डॉक्टरीणबाई एकदा दारात उभं राहून बराच वेळ ऐकत होत्या, आणि शेवटी त्यांनी मला पाठ दुखते का विचारलं.) सुधारणा होत गेली तसं कामाचं मात्र व्हायचं तेच झालं. एका निवृत्त हेडमास्तरांच्या कवळीत पुढचे दात माझ्याकडून जरा जास्तच पुढे बसले. दिसायला सुरेख, पण तोंड मिटलं तरी माणूस हसतोय असं वाटावं. ते गृहस्थ ती घालून एका घरी सांत्वनाला गेले. तिथून थेट दवाखान्यात आले, आणि जे काही बोलले ते हसतहसत बोलल्यासारखंच दिसत होतं, त्यामुळे आणखी भयंकर वाटलं. डॉक्टरीणबाईंनी मला कवळी पुन्हा करायला लावली आणि मोबाइल त्यांच्या टेबलाच्या खणात जमा झाला. तो फक्त जेवणाच्या सुट्टीत मिळायचा.

मध्यंतरी मला ताप आला होता, आठवतं? अंथरुणावरून खेळलो. हात थरथरत होता, चेंडू कुठेही जात होते. आणि काय सांगू, त्या दिवसांत थोरल्याचेही चुकायला लागले. भिंतीवरून चेंडू यायचा आणि बादलीला खेटून खाली पडायचा. एकदा नाही, रोज. मी तुमच्या जावेला उठवून दाखवलं. म्हटलं, बघ, याला भाऊ म्हणतात. मी आजारी आहे हे त्याला कुठूनतरी कळलंय, आणि तोंडानं चौकशी करता येत नाही म्हणून बिचारा हरतोय. वहिनी, खोटं कशाला सांगू, मी त्या रिकाम्या बादलीकडे बघून रडलो. तुमच्या जावेनं ताप बघायला कपाळावर हात ठेवला.

बरा झालो आणि ठरवलं, आता त्याला एकदा खरंखुरं हरवायचं आणि मग समोर जाऊन उभं राहायचं. हरलेल्या माणसाकडे आपणहून जाण्यात एक मोठेपणा असतो. (हे वाक्य खोडणार होतो, पण पट्टीच्या अंगठ्यानं खोडणंसुद्धा कष्टाचं आहे.) अंगठा सुजला, तरी थांबलो नाही. आणि गेल्या मंगळवारी चालत्या बादलीत माझा शेवटचा चेंडू पडला, थोरल्याचा काठावरून परतला. मी जिंकलो. दुसऱ्याच दिवशी डॉक्टरीणबाईंना म्हटलं, दातांचा माल आणायला कुरिअर कशाला, मीच जातो. ते गोदाम दादाच्या ऑफिसच्या मागच्या गल्लीत आहे हे त्यांना सांगितलं नाही.

त्याच्या वजनमापाच्या ऑफिसात शिरलो. दुकानदार आपापले तराजू घेऊन रांगेत उभे, आणि कठड्यापलीकडे दादा. वजनं तपासत होता. दोन्ही हातांत वीस किलोचं लोखंडी वजन, कपाळावर घाम. केस पांढरे झालेत त्याचे, वहिनी, ते खेळात दिसत नव्हतं. त्यानं मला बघितलं आणि वजन हातातच राहिलं. मी घरून एक भाषण पाठ करून आलो होतो, त्यातलं काही आठवेना. तोंडातून निघालं ते असं:

“दादा, परवाचा भिंतीवरून टाकलेला फार सुंदर होता.”

त्यानं वजन जरा वर सरकवलं. मग म्हणाला, “भिंतीवरून कोणी काय टाकलं?”

मला वाटलं, रांगेतल्या लोकांसमोर लाजतोय. आणि त्याच क्षणी माझ्या खिशात मोबाइल थरथरला. काढून बघितलं. थोरल्यानं चेंडू टाकला होता. तो भिंतीवर आपटला, वळला, बादलीत पडला, आणि खाली हसरं तोंड उगवलं. थोरला माझ्यासमोर उभा, दोन्ही हातांत वीस किलो.

माझी दातखीळ बसली. (माझ्या धंद्यात हा शब्द जपून वापरावा लागतो, पण इथं दुसरा चालणार नाही.) एकदा मोबाइलकडे बघतोय, एकदा दादाकडे. मागचा दुकानदार मला पाणी हवं का विचारू लागला. दादानं वजन खाली ठेवलं, घाम पुसला, आणि चहाला जातो म्हणून आत सांगायला खिशातून स्वतःचा फोन काढला. बटणांचा. ज्याच्यावर फोन करता येतो, चार ओळींचा निरोप धाडता येतो, आणि बाकी काही नाही. वहिनी, मग कोण? तुमच्या घरात आहे कोण? तुम्ही आणि तो. पुढचं गणित मी चहाच्या टपरीपर्यंत चालताचालता केलं आणि उत्तर तुम्ही आलात.

चहा आम्ही फुंकूनफुंकून प्यायलो. इतके दिवस ज्याच्याशी समेट करत आणला, त्याला त्याचा पत्ताच नव्हता. ज्याच्यासाठी रडलो, त्यानं एक चेंडू टाकलेला नव्हता. कप ठेवताना दादाचं लक्ष माझ्या हाताकडे गेलं.

“अंगठा केवढा सुजलाय तुझा. कशानं?”

तुला चेंडू मारूनमारून, असं कसं सांगू? म्हटलं, दात घासून. म्हणजे लोकांचे. त्यानं शेजारच्या औषधाच्या दुकानातून मलम आणि पट्टी आणली आणि टपरीच्या बाकावर बसून स्वतः बांधली. घट्ट बांधली, नेहमीसारखी. मग घड्याळ बघून, रांग आहे म्हणाला आणि गेला. भांडणाचा विषय त्यानंही काढला नाही, मीही नाही.

परत येऊन भोपळ्याला धरलं. तो शिडीवर होता, खाली उतरलाच नाही. वरूनच म्हणाला की थोरला म्हणजे थोरल्याचं घर, आणि घरातून कोण खेळतंय हे तू मला कधी विचारलंच नाहीस. मी म्हटलं, निदान माझ्या तापात तरी वहिनी दयेनं हरल्या ना? तर म्हणतो, छे, त्या आठवड्यात त्यांचा चष्मा फुटला होता, बादली दोन दिसत होत्या. हा धक्का पहिल्यापेक्षा मोठा होता. पहिल्यात भाऊ गेला, यात मायाही गेली.

रागावलेलो नाही, वहिनी. रागवायचा प्रयत्न केला, जमला नाही. तुम्ही एवढ्या दिवसांत एकदाही दादाचं नाव घेऊन खोटं बोलला नाहीत, फक्त तोंडं पाठवलीत, आणि मीच त्यावर दादाचा चेहरा चिकटवत गेलो. तो चेहरा मला हवा होता म्हणून चिकटला. दुसऱ्या कुणी माझ्याशी रोज न चुकता एवढा वेळ खेळलं असतं असं वाटत नाही. माझी तक्रार एवढीच आहे की सांगितलं असतंत तर मी वहिनीकडून हरलो असतो. ते सोपं गेलं असतं.

दादाला नमस्कार सांगू नका, मी पत्र लिहिलं हे त्याला कळेल. गुडघा जपा.

आपला,
अंगठ्यानं जायबंदी धाकटा दीर

ता. क. एवढं लांबण लावलं ते खरं तर एका गोष्टीसाठी. तो भिंतीवरचा चेंडू कसा टाकता? अंगठा तिरका सोडता की मधेच वळवता? मी सगळं करून बघितलं, माझा भिंतीवरून सरळ फुलदाणीत जातो. भोपळ्याला सांगू नका, फक्त मला सांगा. आणि दादाला यातलं काही कळू देऊ नका. आपलं चाललंय तसं चालू द्या.

आणखी ता. क. पाकीट चिकटवलं होतं, पुन्हा फोडलं. आत्ता थोरल्याचा चेंडू आला. तो बादलीकडे गेलाच नाही. छताला लागला, तिथून पंख्याला, आणि पंख्यानं तो माझ्याच तोंडावर मारला. असा चेंडू भोपळ्यानंही कधी टाकलेला नाही. चष्मा पुन्हा फुटला की काय म्हणून मी तुम्हाला फोन लावणार, तेवढ्यात दादाच्या बटणांच्या फोनवरून निरोप आला. कपाटानंतरचा पहिला. तीनच शब्द आहेत: ‘कसं टाकायचं हे?’ वहिनी, मला शिकवलं नाहीत तरी चालेल, पण त्याला तुम्ही एक अक्षर शिकवू नका. त्यानं मला विचारलंय.