न्यूकलपासून मोजणी

मंगळवार, ३ मे २०१६

'अविश्वासार्ह.' एकच शब्द. लाल पेनानं, आर्डिथ कमिंजर या आमच्या बाईंच्या नावापुढे!

इनिसनं मुद्दाम दाखवलं नाही. यंदा नदीवरच्या कासवांच्या मोजणीला मी नाव दिलंय. त्याचा फॉर्म भरायला वन्यजीव ऑफिसात इनिसकडे गेले होते, तर फाईल टेबलावर उघडीच होती. माझं तोंड बघून तो गडबडला. "माझ्या आधीच्या माणसानं लिहिलंय ते, विल्माताई. सहा वर्षं झाली. माझं अक्षर नाही."

मग त्यानं सांगितलं. बाईंनी पस्तीस वर्षं एकटीनं नदीवरच्या रानकासवांच्या कडेला कानशीनं खाचा पाडल्या. कडेच्या कितव्या खवल्यावर खाच, त्यावरून कासवाचा नंबर. सगळं वह्यांत लिहून ठेवलं आणि डोळे गेल्यावर वह्यांच्या नकला ऑफिसला दिल्या. त्या आधीच्या माणसानं ताडून बघितलं, तर काहीच जुळेना. "बाईंच्या वहीत मादी, त्याच्या हातात नर. शेपटीकडे तर तेरावा खवला लिहिलाय. दर बाजूला बाराच असतात हो! बाईंच्या कासवांना एक खवला जास्त, असं म्हणून इथे हसायचे."

मी फॉर्मवर सही केली आणि उठले. कान तापले होते. या बाईंनी मला वाचायला शिकवलंय.

शुक्रवार, ६ मे

बाईंना सांगितलं नाही. सकाळी अंघोळ घातली, औषधं दिली, ओटची लापशी केली. चार वर्षं रोज त्यांचं करायला जातेय, पण आज कसंतरीच वाटत होतं.

बाई शहाऐंशीच्या. समोर खिडकी कुठे आहे एवढंच दिसतं. पण ऐकू सगळं येतं!

"पाऊल जड पडतंय तुझं, विल्मा. क्लॅरन्सशी भांडलीस?"

"नाही हो बाई."

"मग नवऱ्याशी भांडून घे. बरं वाटेल."

नंतर नदीचं निघालं. रानकासव गांडूळ कसं काढतं ते करून दाखवलं. दोन्ही हात टेबलावर ठेवले, आणि डावा, उजवा, डावा, उजवा असं आपटत राहिल्या. जमीन थरथरली की गांडुळाला वाटतं पाऊस आला, ते वर येतं, आणि कासव मटकावतं. बाईंनी शेवटी लापशीतली मनुका मटकावली. लहान मुलीसारख्या हसल्या.

या बाई खोटं लिहितील?

मंगळवार, १० मे

दिवसभर झिमझिम. नदी गढूळ. कासव एक नाही. बुटांत पाणी.

शनिवार, १४ मे

सापडलं! मलाच सापडलं!

आल्डरच्या झुडपाखाली, वाळलेल्या पानांत, पानांसारखंच. पाय आणि मान केशरी, पिकल्या भोपळ्याच्या रंगाची. आणि पाठ! एकेक खवला म्हणजे पायऱ्या पायऱ्यांचा छोटा डोंगर, त्यावर झाडाच्या कापलेल्या बुंध्याला असतात तशी वलयं. कुणी बसून कोरलंय असं वाटतं. हातात घेतलं तर मान आत गेली, पण डोळे माझ्यावरच. वैतागलेले.

इनिसनं मोजायचं कसं ते शिकवलं. "वरून बघायचं. मानेच्या मागे बरोबर मध्यावर हा चिंचोळा खवला दिसतो ना, तो न्यूकल. तो सोडून द्यायचा. त्याच्या उजवीकडचा पहिला, मग दुसरा, तिसरा. तसंच डावीकडे."

मी चिठ्ठीवर लिहिलं. हे नर निघालं. मोजून, तोलून पुन्हा झुडपाखाली ठेवलं. ते मागे न बघता चालू पडलं.

सोमवार, १६ मे

बाईंना सगळं हवं होतं. कुठे, किती वाजता, ऊन होतं का, कासवाचं तोंड कुठल्या बाजूला होतं! सांगता सांगता मी म्हटलं, न्यूकल खवला सोडून मोजतात.

"कोण म्हणालं न्यूकल खवला?"

"इनिस."

"चूक! न्यूकल हाडाला म्हणायचं. वरच्या खवल्याला सर्व्हायकल. निम्मं जग चुकतं. चुकू दे. मीही बोलताना न्यूकलच म्हणते. पण माहीत पाहिजे."

मग कपाटातून कवच काढायला लावलं. मेलेल्या कासवाचं, जुनं, अर्धे खवले गळून गेलेलं. माझं बोट धरून फिरवलं. "ही खवल्याची शिवण. वरची. आता खवला नाही तिथे ये. ही हाडाची शिवण. खालची. दोन्ही एकावर एक येतात?"

नाही येत! खवल्याचा सांधा हाडाच्या मधोमध येतो, आणि हाडाचा सांधा खवल्याच्या खाली. गवंडी विटा रचतो तसं. म्हणून ते फुटत नाही.

"वर दिसतो तो न्यूकल माझ्या नखाएवढा," बाई म्हणाल्या. "आणि त्याच्याखाली हाड बघ केवढं. तळहाताएवढं. सगळ्या पाठीचा भार पुढून त्यानं धरलेला असतो. मान आत-बाहेर होते ती त्याच्याखालून. वरून बघणाऱ्याला त्यातलं काही कळत नाही."

शाळेत आम्हांला बाईंनी हे शिकवलं नव्हतं. पाढेच जास्त शिकवले! आज मात्र अठ्ठावन्नाव्या वर्षी मी वर्गात बसल्यासारखी बसले होते. दीड तास. बीन्स करपले.

रविवार, २२ मे

क्लॅरन्स म्हणतो, "घरात माझी पाठ दुखतेय ती कधी मोजणार?"

शुक्रवार, २७ मे

आज काय झालं ते नीट लिहिते.

बाईंना नदीवर नेलं. सहा वर्षांनी. इनिसनं ट्रक पार काठापर्यंत घेतला. मी बाईंना घोंगडीत गुंडाळून घडीच्या खुर्चीवर बसवलं. इनिस उंच बूट घालून पाण्यात उतरला आणि लांब खालच्या वळणाकडे गेला. आमच्याकडे बादलीत एक मादी देऊन गेला, चिठ्ठीसकट. चिठ्ठीवर: उजवा तीन, डावा आठ.

बाईंनी कासव मांडीवर घेतलं. अंगठे मानेमागे गेले, मध्यावर, त्या चिंचोळ्या खवल्यावर. आणि हळूच म्हणाल्या, "एक."

मग बोट उजवीकडे. "दोन. तीन. चार. चारला खाच." परत मध्यावर. "एक." आणि डावीकडे चालल्या, बोटं सरकत होती, ओठ हलत होते. "नऊला खाच."

मी चिठ्ठी बघत होते. तीन आणि आठ!

"उजवा चार, डावा नऊ," बाई म्हणाल्या. आवाज असा की मी कधी ऐकला नव्हता. "अगं, ही माझी चौऱ्याहत्तरची. तेव्हाच मोठी होती. मागचा डावा पाय बघ विल्मा, अर्धा असेल. रॅकूननं खाल्लेला."

मी वाकून बघितलं. अर्धा. बरा झालेला, गुळगुळीत.

बेचाळीस वर्षं! त्याआधीची वाढीची वेगळी! माझं लग्न व्हायचं होतं तेव्हा. ती अर्ध्या पायानं ही नदी चढ-उतार करतेय, दर हिवाळ्यात बर्फाखाली तळाशी जाऊन बसतेय आणि वर येतेय. आणि बाईंच्या बोटांनी तिला ओळखलं.

मला रडू आलं. आणि रडतानाच कळलं! न्यूकल! बाई न्यूकलला एक धरतात! ऑफिसवाले तो सोडतात. म्हणून प्रत्येक आकडा एकानं पुढे. म्हणून बाईंचा चार ऑफिसच्या चारच्या कासवाशी ताडला की भलतंच कासव. मादीचा नर. आणि तेरावा खवला म्हणजे ऑफिसचा बारावाच!

बाईंना काही म्हटलं नाही. आधी खात्री करायची ठरवलं. त्याही एकदम गप्प झाल्या होत्या. थकल्या असतील. घरी येईपर्यंत एक अक्षर नाही.

शनिवार, २८ मे

वह्या. सकाळपासून. ऑफिसातून आणलेल्या नकलांवर प्रत्येक आकड्यातून एक वजा. क्लॅरन्सनं स्वतःच अंडी तळून घेतली, मलाही दिली.

काय अक्षर बाईंचं! बोटं गारठली तरी ओळ सरळ. 'आज हिच्या अंगावर रानस्ट्रॉबेरीचे डाग.' 'हा पुन्हा त्याच ओंडक्यावर. आळशी.' पस्तीस वर्षं असं. पगार नाही, कुणी सांगितलेलं नाही. शाळा सुटली की नदी.

मंगळवार, ३१ मे

इनिसनं कपाळावर हात मारून घेतला. खरंच मारला, आवाज आला.

नदीत सध्या खाचांची बावन्न कासवं माहीत आहेत. एक वजा करून ताडली, एकोणपन्नास जुळली! नर तो नर, मादी ती मादी, जुन्या जखमांसकट. तिघांच्या खाचा झिजल्यात, ती कळत नाहीत. एवढंच.

"इतक्या जुन्या नोंदी कुणाकडे नाहीत, विल्माताई," तो म्हणत होता. "किती जगतात, कुठे हिवाळा काढतात, सगळं आहे यात. आणि आम्ही कपाटात टाकल्या. साधं विचारलं नाही कुणी, बाई, तुम्ही कुठून मोजता?"

"तुम्हांला वाटलं, मोजायचं एकाच जागेवरून असतं," मी म्हटलं. जरा टोचूनच.

त्यानं माझ्यासमोर तो लाल शब्द खोडला. वर, वर्तमानपत्राला फोन केला. बाईंवर लेख, फोटो, वह्यांचाही फोटो. येत्या मंगळवारी बातमीदार येणार. मी गाडीत एकटीच गात आले!

गुरुवार, २ जून

बाईंना सांगितलं. वाटलं होतं हसतील. निदान 'मी म्हटलं नव्हतं?' असं तरी म्हणतील.

खिडकीकडे तोंड केलं. मग म्हणाल्या, "कुणाकुणाला बोललीस?"

"इनिसला. क्लॅरन्सला. आणि पेपरवाल्या येणार आहेत मंगळवारी."

"चहा गार झाला माझा." नव्हता झालेला.

मी दुसरा केला. काही समजत नाही मला.

रविवार, ५ जून

आज बाईंनीच समोर बसवलं.

"सहा वर्षांपूर्वी ऑफिसातल्या त्या आधीच्या पोरानं तेराव्या खवल्यावरून मला फोन केला होता. हसत होता. त्याच मिनिटाला मला कळलं, तो न्यूकल सोडून मोजतोय."

"मग सांगितलं का नाही हो, बाई?"

"सांगणारच होते. दुसऱ्या दिवशी दोन माणसं आली दाराशी. अत्तराचा वास, गोड बोलणं. वह्या विकत घेतो म्हणाली. कुठल्या वळणावर किती कासवं, कुठे झोपतात, तेवढंच हवं होतं. लांब देशांत या कासवांना गिऱ्हाईक असतं, विल्मा. पिशवीत भरून नेतात. खालच्या वळणावरची अकरा तशीच गेली होती, त्याच्या आदल्या वर्षी. एका रात्रीत. माझी अकरा."

"मी त्यांना म्हटलं, न्या की. पण सगळं चुकलंय त्यात, म्हातारीच्या मनचं आहे. ऑफिसला विचारा. त्यांनी विचारलं असणार. परत फिरकली नाहीत."

"आणि तुम्ही सहा वर्षं... ते हसत होते, बाई!"

"हसू दे. त्या हसण्यानं वह्यांना कुलूप लागलं." मग हात चाचपडत माझ्या हातावर ठेवला. "त्या दिवशी ती मांडीवर आली आणि मी सगळं विसरले. आपोआप मोजलं. तुझी चूक नाही गं."

पस्तीस वर्षांचं काम, आणि नाव वेडीचं. स्वतःच्या मर्जीनं. मी या बाईंना रोज लापशी भरवत होते आणि मला त्या किती मोठ्या आहेत याचा पत्ता नव्हता.

सोमवार, ६ जून

ऑफिस उघडायच्या आधी दारात उभी होते. इनिसला सगळं सांगितलं. दोघांनी मिळून ठरवलं: आकडे त्याच्या अभ्यासात जातील, पण जागा आणि नकाशे कुलपात, आणि बाईंचं नाव कुठेही नाही. पेपरला, येऊ नका म्हणून, फोन केला, तर बातमीदार बाई म्हणाल्या, आता तर मी येणारच!

त्यानं फाईल पुढ्यात घेऊन खोडलेल्या शब्दावर बोट ठेवलं. मग मला विचारलं, "लाल पेन आहे का तुमच्याकडे?"

मी दिलं.

मंगळवार, ७ जून

बातमीदार बाई दहाला आल्या, कॅमेरा घेऊन. मी दारातच उभी राहिले. सांगितलं की उगाच आलात, बाईंचं वय झालंय, त्या वह्यांत काही अर्थ नाही, मोजणीच चुकलीय सगळी.

आतून खणखणीत आवाज आला, "खरं सांगतेय हो ती!"