हरकत घ्यायला कोणी येईना

३ फेब्रुवारी १९८६, संध्याकाळ

दिली नोटीस. आपण अजिबात घाबरलो नाही. सही वाकडी आली ती ऑफिसच्या पेनामुळे.

मला वाटलं होतं रजिस्टर लग्न म्हणजे गेलो, सही ठोकली, चहा प्यायलो, नवरा झालो. क्लार्क म्हणाला, असं नसतं. मुलगा एकवीस पूर्ण पाहिजे, मुलगी अठरा. दोघांपैकी कोणाचं आधीचं लग्न चालू नको. डोकं ठिकाणावर पाहिजे. हे वाचताना कमळने माझ्याकडे बघितलं. मग नोटीस महिनाभर बाहेर बोर्डावर लागणार. कोणाची हरकत नसेल तर तीन साक्षीदार घेऊन या.

बोर्डावर! मी म्हटलं, साहेब, कपाटात नाही का लावता येणार? तो हसलासुद्धा नाही.

सगळा कमळचा हट्ट. ती साकीनाक्याला आमच्या वर्कशॉपसमोरच्या गाळ्यात स्विच पॅक करते, राहते खारदांड्याला. मी म्हणत होतो, देवळात हार घालू, झकास. ती म्हणाली, हार घालून पळालेले आमच्या गल्लीत दोन आहेत. आधी सरकारी सही. त्यात तू. तुझा काय भरवसा?

हे मात्र बरोबर. गेल्या मे महिन्यात 'तीन दिवस पाणी बंद' असा खोटा कागद मीच चाळीत लावला होता. लोकांनी वाट्यासुद्धा भरून ठेवल्या.

ठराव: आज जेवताना घरी सांगणार.

त्याच दिवशी, झोपताना

नाही सांगितलं. बाबांना ॲसिडिटी झाली होती. आजारी माणसाला काय त्रास द्यायचा?

६ फेब्रुवारी

बोर्ड बघायला गेलो. काचेच्या आत, बरोबर नाकासमोर माझं नाव. बापाचं नाव. चाळीचा पत्ता. एवढं तर चोराचंपण लावत नाहीत.

काचेला टेकून उभा राहिलो, म्हणजे कोणी वाचू नये. शिपाई म्हणाला, बाजूला हो. मी म्हटलं, सावलीला उभा आहे. तो म्हणाला, ऊन तिकडे आहे.

तेवढ्यात वाट लागली. आमच्या चाळीतले अंबादासकाका! कसल्यातरी कामाला आलेले, बोर्डासमोर थांबले. मी जिन्याखाली. दहा मिनिटं त्यांनी तिथे उभं राहून शेंगदाणे खाल्ले आणि गेले. चष्मा लावला होता की नाही, हे आठवत नाही. रात्रभर आठवत बसणार.

९ फेब्रुवारी, रविवार

सांगितलं! मर्दासारखं. जेवताना म्हटलं, आई, बाबा, मी लग्न करतोय, दांड्याच्या कोळणीशी, रजिस्टर.

आई एवढी हसली की ठसका लागला. बाबा म्हणाले, बँड कोणाचा सांगितलास? पाण्याची आठवण निघाली. मग सगळेच हसले. मीपण हसलो. काय करणार, वातावरणच तसं होतं.

पण सांगून झालं. कोणी नाही म्हटलं नाही. डोक्यावरचं ओझं गेलं. कमळलापण सांगितलं, घरी बोललो, सगळे खूश होते. यात काही खोटं नाही.

१५ फेब्रुवारी

कमळने तिच्या आईला सांगितलं. आधी एक कानाखाली. दोन दिवस अबोला. मग म्हणे, घेऊन ये त्याला, बघू दे.

तिचा बाप बोटीवर असतो. घरात शब्द चालतो आईचा, सुगंधाबाईंचा. पहाटे टोपली डोक्यावर घेतात, बाजारात बसतात, कोयत्याने घोळ माशाचं डोकं एका घावात उडवतात. हे मला कमळने सांगायची गरज नव्हती.

मी घाबरलेलो नाही. फक्त झोप येत नाही.

१७ फेब्रुवारी

भेटलो. बाजारातच. पापलेटचा कल्ला उचलून बघतात ना, तसं बघितलं मला. कोयता हातात. म्हणाल्या, "तुजे घरान माहीत हाय?"

हो म्हटलं, घरी सांगितलंय. खरंच आहे ते.

म्हणाल्या, "मंग तुजी आय कनाला नाय आली?" मुलाकडची बाई पहिली आली पाहिजे, त्यांच्यात तशी रीत.

तोंडातून निघून गेलं, आई आजारी आहे, अंथरुणाला खिळली आहे. बाईंचा चेहराच बदलला. कोयता ठेवला. टोपलीतली सगळ्यात मोठी सुरमई कागदात बांधून माझ्या हातात दिली. म्हणाल्या, आईला सूप कर, ताकद येते.

आता घरी नीट, सीरियसली सांगणार. सुरमईच्या निमित्ताने.

त्याच दिवशी, जेवल्यावर

आई म्हणाली, "मेल्या, खंयसून हाडलंस रे असली सुरमय?" म्हटलं, दोस्ताची बोट आहे. एवढी चव लागली सगळ्यांना की मध्येच बोलायला बरं वाटेना. तळताना घरभर वास. बाबांनी काटासुद्धा चोखला.

२४ फेब्रुवारी

एक दिवसाआड मासा येतोय. हलवा. बोंबील. काल खेकडे. कमळ पिशवी देते आणि विचारते, सासूबाई उठून बसतात का? मी म्हणतो, थोड्या.

आईचं वजन वाढलंय. बाबांना संशय आलाय. विचारत होते, पोरा, कुठे हात तर मारत नाहीस ना? शपथ घेतली. शपथ घेताना ढेकर आला.

कमळ खूश आहे. म्हणते, माझी आई असं कोणासाठी करत नाही. हे ऐकून रडायला येतं यार.

२७ फेब्रुवारी

एक भारी आयडिया. लग्न मोडायचं नाही, नुसतं पुढे ढकलायचं. तोवर घरी सांगून टाकीन. पब्लिक फोनवरून त्या ऑफिसला फोन लावला, म्हातारीचा आवाज काढला. आवाज काढण्यात आपल्याला तोड नाही. म्हटलं, बाबा रे, माझी हरकत आहे, त्या लहूच्या आईबापाला हे लग्न माहीत नाही.

क्लार्क म्हणाला, आजी, मुलगा एकवीसचा आहे ना? मग आईबापाची हरकत चालत नाही.

म्हटलं, तो वेडा आहे.

म्हणाला, डॉक्टरचा कागद आणा.

म्हटलं, त्याला पहिली बायको आहे!

म्हणाला, तिला घेऊन या, स्वतः सही करा. फोनवर हरकत घेत नाहीत.

पैसे संपले, फोन कटला. म्हणजे या देशात हे लग्न कोणीच थांबवू शकत नाही? एवढे लोक आहेत, एकालाही येता येत नाही?

६ मार्च

मुदत संपली. एकही हरकत नाही. क्लार्क म्हणाला, अभिनंदन. तारीख मिळाली, सोमवार.

तीन साक्षीदार: माझ्या मशीनशेजारचे धाकू आणि खंडू, आणि सुगंधाबाई. धाकूला पटेना. म्हणाला, लह्या, त्या पाण्याच्या कागदासारखं करशील तर तंगडी तोडीन. कमळने स्वतः सांगितलं तेव्हा खंडूने मला हात लावून बघितला, ताप आहे का.

रविवारी घरी सांगणार. हे शेवटचं.

९ मार्च, रविवार

पाहुणे आले होते.

१० मार्च

लग्न झालं.

सही पुरत नाही, साहेबांसमोर मोठ्याने बोलावं पण लागतं. कमळने मासळीबाजारात बोलावं तसं म्हटलं, मी कमळ, या लहूला कायदेशीर नवरा म्हणून स्वीकारते. पलीकडच्या टेबलावरच्या बाईने मान वर केली. माझी पाळी आली तर आवाजच नाही. सगळ्या जगाचे आवाज काढतो, माझाच निघेना. साहेब म्हणाले, ऐकू येत नाही. तिसऱ्यांदा निघाला, उंदरासारखा. धाकू हसला नाही. सुगंधाबाईंचे डोळे भरले होते. मला पहिल्यांदाच वाटलं, हे आपल्याला पाहिजेच होतं.

आणि तिथेच सांगून टाकणार होतो. देवाशप्पथ. तोंड उघडलंसुद्धा. पण बाई आधी बोलल्या. म्हणाल्या, आजारी बाईच्या घरी अचानक नको, तिला तयारीला वेळ दे. पोर रविवारी पाच वाजता मीच आणून सोडते. दांड्याचा बँड घेऊन, नाचत.

कमळ तिच्या आईबरोबर दांड्याला गेली. वळून बघत होती. मी घरी आलो. आई म्हणाली, "खंय होतंस? जेवक बस."

जेवलो.

१२ मार्च

आज बाबा स्वतःच लग्नाचं बोलले. वाटलं, कळलं. वाटलं, सुटलो.

बाबा म्हणाले, त्या दिवशी तू मस्करी केलीस, पण आम्हाला कळतं. पोराच्या मनात असतं तेच मस्करीत येतं. अंबादासने बोरिवलीचं स्थळ आणलंय, मुलगी बालवाडीत शिकवते. रविवारी बघायला जायचं, सगळ्यांनी. आई म्हणाली, निळा शर्ट इस्त्रीला टाक.

सगळे माझ्याकडे बघत होते. मी विचारलं, किती वाजता निघायचं?

चारला.

म्हणजे बँड येईल तेव्हा घरी कोणीच नसणार. बरं झालं. निदान भांडण तरी होणार नाही. शर्ट टाकला इस्त्रीला.