बिघाड निघाला, म्हणून मी मेले न्हाई

मिरज, फेब्रुवारी १९४४

कारभाऱ्यांस राहीबाईचा नमस्कार. माझी तब्येत बरी हाय. रंगू धड जेवती का?

हे पत्र नर्सबाईंकडनं लिवून घेतीया. राग हाय तसा उतरवा, म्हनलं.

डॉक्टरीणबाईंनी गर्भाच्या पिशवीच्या तोंडाचा बारीक तुकडा काढून तपासला. "बिघाड आहे," येवढं ऐकूनच तुमी कराडची गाडी धरली. फुडं त्या म्हनाल्या, "हा कर्करोग नाही. तसाच ठेवला तर पुढं होईल. तेवढा भाग आत्ताच काढला की बाई बरी होईल." त्यांनी तो काढला. जवळ माझं कुनी नव्हतं.

आन् तुमी गावात सांगितलं, राही जगत न्हाई. माझा भाऊ ज्ञानू काल आलता. तुमी उंब्रजला दुसरी पोरगी बघून आला, म्हनला. आवं, इतकी वर्सं तुमच्या घरात राबले, डॉक्टरीणबाईंचं बोलनं संपंस्तवर तुमास्नी थांबवलं न्हाई?

त्या पोरीच्या बापाला सांगा, पहिली जित्ती हाय.

थोरल्या जाऊबाईंना पाळी गेल्यावरबी अंगावर जातंय. लाजू नका म्हनावं, त्यांना हितं तपासायला धाडा.

मला न्यायला येऊ नका. ज्ञानूसंगं मी माझ्या घरी येतीया.

रंगूची आई,
राहीबाई