काकांच्या खांद्यावरची शाल

सदाशिव पेठ, पुणे
२ डिसेंबर २०२५

प्रिय नीरजा,

तू बरी असशील. काकांचा खोकला कमी झाला का? मी मजेत. म्हणजे मेसच्या आमटीवर माणूस जेवढा मजेत राहतो, तेवढा.

संत मार्टिनच्या सणाला चर्चच्या फाटकात माझ्या हातून कात्री चालली, आणि तिथून सगळं बदललं.

त्याआधीची सकाळ अजून डोळ्यांत आहे. विश्रांतवाडीवर धुकं, चर्चमधली मिस्सेची प्रार्थना नुकतीच संपलेली, आणि तुझे पप्पा, आमचे बापूरावकाका, गोष्ट सांगत होते. रोमी सैनिक मार्टिन, कडाक्याची थंडी, वेशीत कुडकुडणारा भिकारी. मार्टिनने तलवारीने झगा मधोमध कापून अर्धा त्याला दिला. त्या रात्री स्वप्नात ख्रिस्त आला, तोच अर्धा झगा पांघरून. तू डोळे मिटून ऐकत होतीस. वाटलं, माझ्याबद्दलही कुणी असं सांगावं, आणि तू असंच ऐकावंस.

फाटकाशी एक म्हातारा बसला होता. तुमच्या घरच्या रीतीप्रमाणे या सणाला गरजूला द्यायचा, धुऊन इस्त्री केलेला स्वेटर तुझ्या पिशवीत होताच. पण मला धीर कुठला! फुलांच्या टेबलावरची कात्री उचलली, काकांच्या खांद्यावरची शाल ओढली आणि कचाकच दोन तुकडे केले.

"आरं, ह्यात माझा एक खांदाबी मावंना," म्हातारा म्हणाला. लोक हसले. तू एवढंच म्हणालीस, "आमोद, मम्मीची होती ती." सत्यशीलाकाकूंना जाऊन वर्षही झालं नव्हतं.

पुढचं लिहायचं टाळतोय. मी माफी मागायची सोडून काकांवरच ओरडलो, "शालीचा एवढा मोह, तर गोष्टी कशाला सांगता?" ते उरलेल्या तुकड्याची घडी घालत राहिले.

आणि परीक्षा आहे म्हणून तुमच्याकडे येत नाही, असं तुला कळवलं, ते खोटं. सरांशी भांडून सप्टेंबरातच कॉलेज सोडलंय.

आज दुपारी डोळा लागला. आळंदी रोडवर एकही गाडी नाही. हवेत सावरीचा कापूस तरंगतोय. सिग्नलला एक घोडा शांत उभा. फाटकात कुणीतरी पाठमोरं, अर्धी शाल पांघरून. वाटलं, आता ख्रिस्त वळणार. वळले ते काका. एक खांदा उघडा. म्हणाले, "आमोद, जेवलास का रे?"

मार्टिनने स्वतःचा झगा कापला होता गं. माझं जॅकेट माझ्या अंगावरच होतं.

तुझ्याकडे काही मागत नाही. हे पत्र तुझ्या हातात देईन आणि काकांसमोर उभा राहीन. हाकललं तर हाकलू देत.

चपला घातल्यात, हे उभ्यानेच लिहितोय. 'तुझा' लिहायचं धाडस आज नाही.

दार ओढून घेतलं. निघालो.

आमोद