सहा महिने कुलूप

१३ जुलै २००३, आळेफाटा
अण्णा गेले! परवा दुपारी जेवून जरा पडले. मी चहाला उठवायला गेले, तर अंग गार. सगळे म्हणतात, बाप गेला तुझा, रड पोरी, मोकळी हो. रडू कुठून आणू?

१५ जुलै
आज दुसरा धक्का. आई मालकांच्या ओट्यावरून आली आणि म्हणाली, "सावळेरामभाऊ म्हनत्यात, लई वाईट नक्षत्रावर गेले. सहा म्हैने घर सोडा, न्हाईतर आनखी एक जाईल."
सावळेरामकाका आमचे घरमालक. पंचांग त्यांच्या उशाशी असतं, अख्खी आळी मुहूर्त त्यांनाच विचारते. ते म्हणाले म्हटल्यावर भटजींना कोण विचारणार? पण ह्याच दोन भाड्याच्या खोल्यांत अण्णांचा सगळा संसार झाला — त्या खोल्यांना कुलूप! आणि माझं शिलाई मशीन? निरगुडसरचं सासर सोडून आल्यापासून माझं पोट त्याच्यावर.
"जीव मोठा का मशीन मोठी?" आई म्हणाली. दहावा झाला की आण्याला, भिकामामाकडे.

२ ऑक्टोबर, आणे
करमत नाही. मामी चांगली आहे, तरी दुसऱ्याच्या घरात किती दिवस हातावर हात धरून बसायचं!

४ जानेवारी २००४
आण्याची यात्रा. गावजेवणाच्या आमटीच्या कढया चढल्या होत्या. आई लहानपणच्या मैत्रिणीशेजारी, ठकूबाईशेजारी, भाकरी थापत बसली होती आणि खो खो हसत होती! अण्णांना जाऊन वर्षसुद्धा नाही. मी म्हटलं, अगं लोक काय म्हणतील? "म्हनू दे." ही आमचीच आई?

२५ जानेवारी, आळेफाटा
आलो, तर दाराला कोर्टाचा कागद चिकटवलेला! खोल्या खाली करा म्हणून दावा. मालकांचा मुलगा पप्पू ओट्यावर खिशात हात घालून उभा. "भाडेकरू मेला, वारस निघून गेले, खोली सहा म्हैने बंद. आता कशाला आलाय?" त्याला इथं लॉज बांधायचं आहे.
सावळेरामकाका आत होते. बाहेर आले नाहीत. अण्णांना खांदा दिलेला माणूस! आधी घराबाहेर काढलं, मग घर बंद होतं म्हणून दावा! असा डाव?
मशीनवर बोटभर धूळ. पुसली आणि शिवायला बसले.

९ फेब्रुवारी
जुन्नरला वकिलांकडे. म्हणाले, "रीत म्हणून बंद ठेवलं, तेही मालकाच्या सांगण्यावरून — हे पटलं तर कोर्ट ऐकेल. पण तो बोलला हे सिद्ध व्हायला पाहिजे. नाहीतर खोल्या गेल्याच समजा."
काका बोलले ते आईशी. म्हणजे सगळं आईच्या साक्षीवर. एसटीत तिला हे सांगितलं, तर म्हणाली, डोकं दुखतंय.

१७ मार्च २००५
वर्ष नुसतं तारखांत गेलं. आज काकांची साक्ष. शपथ घेऊन म्हणाले, "नक्षत्राचा चकार शब्द म्या काढला न्हाई. त्या गेल्या, मला वाटलं सोडून गेल्या."
मी उठून ओरडले! जजसाहेब रागावले, वकिलांनी हात धरून बसवलं. पण फाट्यावर एसटीतून उतरल्यावर मी कुणाच्या बापाला ऐकते काय! भर बाजारात काकांना गाठलं. खोटारडे! अण्णांच्या चितेशी उभे राहिलात आणि देवाची शपथ खोटी घेता? पन्नास माणसं जमली. म्हाताऱ्याने मान खाली घातली. खाई त्याला खवखवे!
आई माझा पदर ओढत होती. "चल वैजू, घरी चल."

३० मार्च
काकांकडे मुहूर्त काढायला आता कुणी जात नाही म्हणे. ओटा रिकामा असतो. बरं झालं! तिकडे बघितलं की माझं रक्त अजून उकळतं.

६ एप्रिल
उद्या आईची साक्ष. सकाळी तिला बजावत होते — घाबरू नको, काका तुला जे म्हणाले तेवढंच सांग.
आई तांदूळ निवडत होती. ताट खाली ठेवलं. "भाऊ कायबी बोललं न्हवतं. म्याच रचलं."
मी म्हटलं, का?
"लगीन झाल्यापासनं चार दिसाच्या वर माहेरी ऱ्हायले न्हाई. ह्ये सोडत न्हवते. ह्यांच्या माघारी तू तरी मशीन सोडून आली असतीस व्हय? भाऊंचं नाव घेतलं की कोन काय इचारत न्हाई."
मग माझ्याकडे बघून म्हणाली, "उद्या कोर्टात काय बोलू? तू म्हनशील ते बोलते."