भाजणीच्या डब्यामागे

रविवार, ८ जानेवारी २००६

चोरी! आणि तीही घरातल्या घरात!

काल लेस्टरला शशिकांतकडे जेवायला गेलो होतो. पुरणपोळी उत्तम होती, पण एकीवरच थांबलो. कारण जेवता जेवता माझी बायको अनुराधा सहज बोलल्यासारखी म्हणाली, "मी एक छोटी फिल्म लिहून पाठवलीय. नवीन लिहिणाऱ्यांसाठी एक स्कीम आहे. सुपरहिरोचीच आहे, पण त्यात सुपरहिरो उडताना दिसतच नाही."

दिसतच नाही! ही कल्पना कुणाची? माझी! एकवीस वर्षं मी दर पार्टीत सांगतोय. सुपरहिरोचे सिनेमे म्हणजे एकच साचा — पोरकं पोर, कसला तरी अपघात, अंगाला चिकटलेले कपडे, अर्धं शहर जमीनदोस्त आणि शेवटी गच्चीवर मारामारी. मी म्हणतो, हे सगळं काढून टाका! तो उडतो, पण आपण ते बघायचंच नाही. कॅमेरा घरी ठेवायचा. बायको आमटी पुन्हा पुन्हा गरम करतेय, एवढाच सिनेमा. लग्नानंतर पहिल्याच महिन्यात अनूला सांगितलं होतं हे. तेव्हा हसली होती!

आणि काल सगळ्यांचं तिलाच "वा वा!" शशिकांत, माझा वर्गमित्र, म्हणतो कसा — "पद्या, तूपण असंच काहीतरी बोलायचास ना रे?"

असंच काहीतरी!

साउथहॅम्प्टन येईपर्यंत मी गाडीत एक शब्द बोललो नाही. तिला कळलंसुद्धा नाही. मजेत झोपली होती.

औषधकंपनीच्या माणसाने दिलेली ही डायरी बरी कामाला आली.

सोमवार, ९ जानेवारी

डायरी ठेवायची कुठे? स्टडी तीच आवरते. गाडी दोघांत एक. लॉफ्टची शिडी केकाटते. शेवटी जागा सापडली — किचनमध्ये सगळ्यात वरच्या फळीवर, भाजणीच्या डब्यामागे. भाजणी म्हणजे चकल्या, चकल्या म्हणजे दिवाळी. ऑक्टोबरपर्यंत तिकडे कुणी फिरकत नाही. शिवाय अनूचा हात तिथे पोचत नाही. डोकं लागतं याला!

शनिवार, १४ जानेवारी

थालीपीठ खाता खाता बोललोच. "अनू, ती कल्पना माझी होती."

"होतीच की," म्हणाली. "पण तुमच्यात नवरा उडायचा. माझ्यात बायको उडते."

उलटं केलं म्हणजे स्वतःचं झालं? वा रे वा!

"आणि नवरा काय करतो?"

"वाट बघतो. चिडतो. लोणी देऊ अजून?"

दोन थालीपीठं खाल्ली. राग वेगळा, भूक वेगळी.

गुरुवार, २ फेब्रुवारी

हे कुणालाही सांगणार नाही.

ती तिच्या लिहिण्याच्या क्लासला गेली होती. मी हॉस्पिटलमधून आलो तर आन्सरिंग मशीनचा दिवा लुकलुकत होता. त्या स्कीमच्या बाई. "वी लव्ह्ड युवर स्क्रिप्ट" वगैरे. तीनशेंमधून सहा निवडल्यात, इंटरव्ह्यूसाठी सोमवारपर्यंत फोन करा. नाही केलात तर तुम्हाला रस नाही असं समजू.

तीनशेंमधून सहा.

डिलीटच्या बटणावर बोट चुकून गेलं. नाही. इथे तरी खरं लिहावं. बोट गेलं नाही, मी दाबलं.

मी भूल देणारा डॉक्टर. पेशंट जिवंत राहतो माझ्यामुळे आणि चॉकलेटचा डबा येतो सर्जनला. तेही पचवलं. पण घरातसुद्धा मी पडद्याआडच? जळतोय मी. हो, जळतोय!

शनिवार, ४ फेब्रुवारी

आज थालीपीठ करपलं होतं. अनू कधी करपवत नाही. तब्येत बरी नसावी. विचारलं तर "काही नाही" म्हणाली आणि माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिली.

किचनमधलं स्टूल भलतीकडेच होतं. अंगठा सडकून आपटला. कोण ठेवतं मध्ये?

सोमवार, ६ फेब्रुवारी

गेलं! सगळं गेलं!

संध्याकाळी लायब्ररीतल्या कामावरून आली, पर्स ठेवली आणि म्हणाली, "अहो, आज जेवणाच्या सुट्टीत त्या स्कीमवाल्यांना सहजच फोन केला. म्हटलं, काय झालं विचारावं. इंटरव्ह्यूला बोलावलंय."

सहजच! बरोब्बर आजच सहज वाटलं हिला! नशीब बघा एकेकाचं.

मी "अरे वा" म्हणालो. 

शुक्रवार, १० मार्च

मिळाली तिला. फिल्म होणार. अकरा मिनिटांची.

शशिकांतचा फोन — "अभिनंदन, मिस्टर अनुराधा!" हसून हसून खोकला लागला मेल्याला.

मंगळवार, २८ मार्च

लंडनला मीटिंग होती तिची. स्टेशनवर सोडायला मी, आणायला मी. गाडी तासभर उशिरा आली. ती उतरली ती बोलतच उतरली. डायरेक्टर इरा कशी हुशार आहे, शेवट कसा बदलला, कुणाला काय आवडलं. घरापर्यंत बोलत होती. गाल लाल झाले होते. एकवीस वर्षांत माझ्याशी बोलताना झाले नाहीत कधी.

जगाला वाचवणाऱ्या बाईच्या नवऱ्याला कुणी विचारत नाही — जेवलास का?

फ्रिजमध्ये डबा होता म्हणे माझ्यासाठी. वर चिठ्ठीपण होती. मी फ्रिज उघडलाच नव्हता.

शनिवार, २२ एप्रिल

शूटिंग आमच्याच किचनमध्ये. पैसे वाचतात ना! इरा सव्वीस वर्षांची, इथेच जन्मलेली, मराठी बोलते ते हात धरून रस्ता ओलांडल्यासारखं. "काका, तुमचं किचन इतकी गोड आहे! थोडा मेस होणार, ओके?" हिच्यावर रागावताही येत नाही.

नवऱ्याचं काम करायला लेस्टरहून कुणी मुरलीधर आलाय. माझ्यापेक्षा जाडा. अंगात तपकिरी कार्डिगन. माझ्यासारखंच नव्हे, माझंच! अनूने न विचारता दिलंय.

डायरी दोन दिवस आधीच हॉस्पिटलच्या लॉकरमध्ये हलवली होती, म्हणून बरं. दुपारनंतर मलाच घराबाहेर काढलं. "अहो, फिरून या ना जरा." पिअरवर जाऊन बोटी मोजल्या.

रविवार, २३ एप्रिल

गेले बुवा एकदाचे. डायरी पुन्हा डब्यामागे.

शनिवार, १ जुलै

थालीपीठ. शांतता. फुटबॉलमध्ये इंग्लंड हरलं. गल्लीत सगळेच माझ्यासारखे तोंड पाडून फिरतायत, बरं वाटलं.

शुक्रवार, १५ सप्टेंबर

लिहायला हात होत नाही. तरी लिहितो. आता लपवण्यासारखं राहिलंय काय?

संध्याकाळी साडेपाचला स्कीमवाल्यांनी फिल्म दाखवली. हॉल भरला होता. शशिकांत बायकोला घेऊन लेस्टरहून आला होता. अनू मोरपंखी साडी नेसली होती. मला पहिल्या रांगेत बसवलं.

पडद्यावर माझं किचन. माझ्या कार्डिगनमध्ये मुरलीधर. बायको जगात कुठेतरी आगी विझवत, पूर थांबवत हिंडतेय, ते फक्त रेडिओवर ऐकू येतं. हा घरी चरफडतोय. लोक खूप हसत होते. मीपण दोनदा हसलो, शपथ.

मग तो मेसेज पुसतो. मशीनवरचा. आणि वहीत काहीतरी लिहितो.

मी हसायचा थांबलो.

मग बायको घरी येते. किचनमध्ये एकटीच. वर बघते. आणि तिच्या सपाता जमिनीपासून वीतभर उचलल्या जातात. सपाताच दाखवल्यात फक्त. मग हात. वरच्या फळीवरचा डबा बाजूला सरकतो. मागून वही निघते. सबंध सिनेमात तिचं उडणं एवढंच — आपल्याच घरातल्या वरच्या फळीपर्यंत.

ती वाचते आणि आपल्याला मुरलीधरचा आवाज ऐकू येतो. "जगाला वाचवणाऱ्या बाईच्या नवऱ्याला कुणी विचारत नाही — जेवलास का?"

माझं वाक्य. जसंच्या तसं, खाली इंग्रजी अक्षरांसह.

हॉलमध्ये कुणी हसलं नाही. मागे एक बाई डोळे पुसत होत्या. पडद्यावर ती वही होती तिथे ठेवते, खाली उतरते, गॅस लावते आणि दाराकडे बघून विचारते, "जेवलात का?" संपलं.

चांगली आहे. फार चांगली आहे. एकवीस वर्षं मी नुसता बोललो, एक ओळ लिहिली नाही. लिहिल्या त्या या वहीतल्या, जळून जळून लिहिलेल्या. त्यासुद्धा तिनेच कामाला लावल्या.

पार्किंग सहाला संपत होतं. टाळ्या सुरू झाल्या तसा उठलो आणि गाडी आणायला गेलो. गाडीत आम्ही दोघंही हवेबद्दल बोललो.

फेब्रुवारीपासून माहीत होतं हिला! मेसेजचंसुद्धा! आणि एका शब्दाने बोलली नाही. मी असतो तर घर डोक्यावर घेतलं असतं.

पण हिने वही काढली कधी? दिवाळी नाही, चकल्या नाहीत. तो डबा वर्षातून एकदाच तर निघतो!

शनिवार, १६ सप्टेंबर

अहो,

थालीपीठ भाजणीचंच असतं. दर शनिवारी, त्याच डब्यातलं. लग्न झाल्यापासून.

मेसेजचं वाचलं तेव्हा फार राग आला होता. म्हणून करपलं. अजून थोडा आहे.

आणि काल नावं यायच्या आधीच तुम्ही उठून गेलात. पहिलं नाव तुमचं होतं. कल्पना आणि नवऱ्याचे संवाद.

डबा आता खालच्या फळीवर ठेवलाय. स्टुलावर चढायचा कंटाळा आला मला.

— अनुराधा